थांबा म्हटलेला माणूस

अगं, त्या कापडाला हात लावू नकोस. खाली मोर्सचा खटका आहे, माझाच आहे, आणि मी तो वापरत नाही हेही खरं. पण त्याची चकती काढून तुझ्या नव्या कीयरला लावायची म्हणतेस ना, ते काही जमायचं नाही. प्लास्टिकचं बटण लाव. लाकडाचा तुकडा घासून घे. अगदीच अडलं तर माझ्या चष्म्याची काडी मोडून ने. दुसऱ्याच्या बोटांखाली झिजलेली वस्तू मात्र घेऊ नकोस.

का म्हणजे? … बरं, बसा मग. ते सोल्डरिंगचं आधी बंद करा, धुरानं माझं डोकं उठतं. दार लोटून घे. किती वाजले? सव्वानऊ. ठीक आहे, वेळेत संपेल.

गोष्ट माझ्या ओळखीच्या एका घड्याळवाल्याची आहे. कुठं वाचलेली नाही, कुणाच्या काकानं कुणाच्या मामाला सांगितलेली नाही. तो घड्याळवाला अजून आहे, दुकानही आहे, उद्या जाऊन सेल बदलून या हवं तर. फक्त त्याच्यापुढं रेडिओचं नाव काढू नका.

दोन वर्षांपूर्वी त्यालाही तुमच्यासारखंच वेड लागलं होतं. घरी कीयर करायचा, म्हणजे मोर्सचे ठोके आपणहून पाडणारा डबा. विकतचा नको, आपला हात जगन्नाथ! आणि हात होताच हो त्याचा. केसाएवढी स्प्रिंग डोळ्यांसमोर सरळ करून देणारा माणूस. करवतीच्या पात्याचे दोन तुकडे करून त्यानं दोन पट्ट्या केल्या. डावी दाबली की टि-टि-टि, उजवी दाबली की टा-टा-टा. खाली वजनकाट्याचं जुनं लोखंडी माप बसवलं, म्हणजे ठोके मारताना सरकायला नको. एवढीशी चिप, एक बॅटरी, चिमुकला स्पीकर, सगळं एका बिस्किटांच्या डब्यात. आता तुम्हाला ठाऊक आहेच, साध्या खटक्यावर प्रत्येकाचा हात वेगळा वाजतो. कुणी घाईत मारतो, कुणी रेंगाळतो. आवाजावरून माणूस ओळखावा तसा हातावरून माणूस ओळखू येतो. कीयरचं तसं नाही. त्यातली चिप सगळे ठोके एका मापाचे पाडते. मंत्र्यानं मारले काय आणि हमालानं मारले काय, सारखेच. त्याला स्वतःचा हात नसतो. एवढं ध्यानात ठेवा, पुढं लागेल.

तर डबा तयार झाला. राहिलं फक्त बोटं टेकवायचं. पट्ट्यांच्या टोकाला लावायला काहीतरी गुळगुळीत, हाताला बरं वाटेल असं हवं होतं. एवढ्याच कामासाठी तो एका सकाळी पिशवी घेऊन घरातून निघाला. गेला तारमास्तरांच्या खोलीवर. आणि मीही त्याच्याबरोबर होतो, उगाच लपवत नाही.

तारमास्तर म्हणजे जुन्या तारखात्यातले. चाळीस वर्षं तारा पाठवल्या, तारखातं बंद पडलं, माणूस चालूच राहिला. तिसऱ्या मजल्यावर एक खोली, तिच्या मागं बोळकंडीएवढं स्वयंपाकघर. बायको आधीच गेलेली, मुलगी दुसऱ्या गावी. उजव्या हाताची तर्जनी अर्धीच, लहानपणी दारात सापडलेली. त्यामुळं अंगठा, मधलं बोट आणि ते अर्धं थोटूक, अशी चकती धरायचे. आणि शेवटचा ठोका जरा ओढला जायचा. लंगडा माणूस जिना उतरताना शेवटच्या पायरीवर टेकतो ना, तसा. हजारात ओळखू यायचा.

माणूस देवमाणूस, पण बोअर! रोज रात्री नऊच्या पुढं रेडिओच्या आमच्या पट्ट्यात आम्ही तिघंच असायचो, एकमेकांना मोर्स मारत. तारमास्तर, घड्याळवाला आणि मी. आणि मास्तरांचे विषयही तीनच. हवामान, बेडका आणि पोट. काल किती वाजता साफ झालं, आज का झालं नाही, झालं तर कसं झालं. हसू नका! तुम्ही ऐकलं असतंत म्हणजे कळलं असतं. जेवून रेडिओ लावावा आणि टि टि टा करत हे वर्णन अक्षर अक्षर कानात यावं. शिष्टाचाराला मात्र पक्के. समोरच्यानं ‘बोला’ म्हटल्याशिवाय बोलायचे नाहीत, आणि ‘थांबा’ म्हटलं तर जागचे हलायचे नाहीत. त्यांचं म्हणणं असं, की तारेवर एकानं थांबा म्हटलं की दुसऱ्याचा हात खटक्यावर आणि कान तारेवर. तो परत येईपर्यंत उठायचं नाही. एकदा मी थांबा म्हणून सांगून विसरूनच गेलो. दीड तासानं आठवलं. बघतो तर मास्तर आहेतच! वर मलाच विचारतात, सगळं क्षेम ना?

ते वारले फेब्रुवारीत. नऊ दिवस कुणाला पत्ता नव्हता. मुलगी दर रविवारी फोन करायची. त्या रविवारी उचलला नाही, तर तिला वाटलं, मागच्या रविवारी थोडी बोलाचाली झाली होती, बाबा रुसले असतील. फोन स्वयंपाकघरात चार्जिंगला लावलेला. शेवटी गुरुवारी तिनं इमारतीच्या रखवालदाराला वर पाठवलं. त्याला तिसऱ्या मजल्यावर पोचायचीही गरज पडली नाही, दुसऱ्यावरच नाकाला रुमाल लावावा लागला. दार नुसतं लोटलेलं होतं. मास्तर टेबलाशी खुर्चीत बसलेले. कानाला हेडफोन. हात खटक्यावर.

डॉक्टर म्हणाले, झटका आला असावा. पण लगेच गेले नाहीत. दीड दिवस… कदाचित दोन.

आता ऐका, माणसं किती घाणेरडी असतात ते. मास्तरांना नेऊन तीन दिवस झाले नव्हते. घरमालकानं निरोप धाडला, ते तारांचं जंजाळ घेऊन जा, खोली धुवायची आहे. आम्ही निघालो लगबगीनं. तोंडानं अरेरे, आणि खांद्याला पिशव्या. मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारी जात ती हीच, पोरांनो! खोली अजून धुतलेली नव्हती. खुर्चीची उशी तिथंच होती. तिच्याबद्दल मी बोलत नाही, तुम्हाला जेवायचं असेल. माश्या होत्या. फिनेलचा वास होता आणि त्या वासाच्या खाली दुसरा एक वास होता, गोडसर, जिभेवर बसणारा. आणि त्या वासात उभे राहून आम्ही कपाटं उघडत होतो. मी काय घेतलं? तांब्याच्या तारेचं एक वेटोळं. चांगली जाड होती. अजून ती आठवली की स्वतःच्या तोंडावर थुंकावंसं वाटतं.

घड्याळवाला सरळ टेबलाकडं गेला. खटका उचलला. त्याची काळी चकती म्हणजे जुन्या काळचं टणक सामान, चाळीस वर्षं तीन बोटांनी घासून आरशासारखी झालेली. अर्ध्या बोटाच्या जागी एक खळगा पडलेला. आणि वर काहीतरी… वाळलेलं. पिवळं. यानं ते शर्टाच्या टोकानं पुसलं आणि खटका पिशवीत टाकला.

मी म्हटलं, “अरे, निदान धुऊन तरी घे.”

“घरी स्पिरिटनं पुसतो ना, काका. काय होतंय?”

तेवढ्यात मास्तरांची मुलगी जिना चढून आली. डोळे सुजलेले, नाकावर ओढणी. तिनं सामानाकडं पाहिलंही नाही. म्हणाली, “घ्या तुम्हाला हवं ते. मला फक्त त्यांची वही द्या. आणि एक सांगा… शेवटी कुणाशी बोलले का हो बाबा? काही म्हणाले का?”

वही म्हणजे आपण ठेवतो ती नोंदवही. तारीख, वेळ, कुणाशी बोललो. वही घड्याळवाल्याच्या हातात होती. त्यानं तिच्याकडं पाठ केली, पिशवी आवरल्यासारखं केलं, मग वही तिला दिली.

“नाही ताई,” तो म्हणाला. “त्या रात्री रेडिओवर कुणीच नव्हतं. झोपेतच गेले असतील.”

कानाला हेडफोन लावून, खुर्चीत, झोपेत! पण ती बिचारी मान हलवून गेली. मला वाटलं, वेळ मारून नेतोय, लेकीला बरं वाटावं म्हणून. मीही गप्प बसलो.

घरी गेल्यावर त्यानं ती चकती लोखंडी पकडीत आवळली आणि बारीक करवतीनं मधोमध कापली. दोन पट्ट्यांना दोन अर्धुकं. मला नंतर सांगत होता, कापताना भुगा कोरडा पडेना. कानातल्या मळासारखा करवतीच्या दातांत भरून बसायचा. आणि तो वास. त्या खोलीतला, फिनेलच्या खालचा. तीनदा करवत धुतली, पण काम सोडलं नाही. अर्धुकं चिकटवली, स्क्रू पिळले. झाला कीयर तयार. देखणा झाला होता, खोटं कशाला बोलू?

पहिले चार दिवस बरे गेले. पाचव्या दिवशी सकाळी बघतो तर दोन्ही अर्धुकांवर ओल. घामासारखी, पण पिवळट. चिकट. त्यानं स्पिरिटनं पुसली. दुसऱ्या दिवशी पुन्हा. मग त्याच्या लक्षात आलं की स्वतःच्या अंगठ्याला आणि तर्जनीला वास येतोय. साबण झाला, लिंबू झालं, राख झाली, रॉकेल झालं. वास जाईना. घरात त्याच्या बायकोनं उंदीर मेला म्हणून कपाटं ओढली. पलंग उचलला. काही नाही. जेवताना घास तोंडाशी नेला की वासानं तो परत ताटात ठेवायचा. मग चमच्यानं जेवायला लागला, तेही डाव्या हातानं. दुकानात गिऱ्हाइकं घड्याळ हातात घेतल्यावर हळूच नाकाशी नेऊन बघायची. एका बाईनं तर काउंटरवरच ठेवलं आणि म्हणाली, “राहू द्या, पट्टा बदलूनच द्या.” हातावर पोट असलेला माणूस. त्याचा हातच नासला, तर राहिलं काय?

आणि मग एका रात्री कीयर आपोआप वाजला.

घाबरू नका, तुमच्याही डब्या आपोआप वाजतात. जवळ ट्रान्समीटर असला की वायरीतून लहरी शिरतात, पट्ट्यांत ओल धरली की ठोके सुटतात. त्यालाही तेच वाटलं. त्यानं कपॅसिटर लावले, वायरी आखूड केल्या, डब्याला अर्थिंग दिलं. रेडिओला जोडलेलाच नव्हता तो, नुसता टेबलावर होता. तरी रोज वाजायचा, एकदाच. रात्री नऊ वाजून चाळीस मिनिटांनी.

तो माझ्याकडं आला तेव्हा मार्च संपत आला होता. गालफडं बसलेली. उजवा हात पँटच्या खिशात. मी म्हटलं, “अरे, हात का लपवतोस?” त्यानं हात काढून माझ्यापुढं धरला.

मी मागं सरलो. नाकाला रुमाल लावला.

“काका,” तो म्हणाला, “आज रात्री घरी या. मला एकट्याला ऐकवत नाही. बायको माहेरी गेली वासाला कंटाळून.”

एकतीस मार्च. मंगळवार. मी साडेनऊला पोचलो. त्याची काम करायची खोली तुम्ही बघितलेली नाही. भिंतीला घड्याळं, टेबलावर छताचा लटकता दिवा, आणि भिंतीत प्लगची जागा एकच. रेडिओची वायर एका कडेला, सोल्डरिंगची दुसऱ्या कडेला. एक काढायचा, दुसरा लावायचा. खिडक्या सताड उघड्या होत्या, तरी आत पाऊल टाकलं आणि मी ओळखलं. तीच खोली. मास्तरांची. तोच गोड वास.

कीयर टेबलावर. अर्धुकं ओली. दिव्याखाली चमकत होती.

आम्ही बसलो. भिंतीवरची घड्याळं टिकटिकत होती, एकही दुसऱ्याशी जुळत नव्हतं. चाळीस झाले.

डावं अर्धुक जरासं दबलं.

मी बघितलं, पोरांनो. दबलं. कुणी बोट टेकवल्यासारखं.

टि… टा… टि… टि… टिं…

थांबा.

आपली थांबाची खूण. तेवढीच. पुन्हा शांत. पण तो शेवटचा ठोका ओढलेला होता. लंगडा. मी मघाशी काय सांगितलं? चिपला हात नसतो. ती ठोका ओढूच शकत नाही. ओढला होता.

मी घड्याळवाल्याकडं बघितलं. तो रडत होता.

“हे त्यांचं नाही काका. माझं आहे. मी पाठवलेलं आहे. ते मला परत देतायत.”

मग त्यानं खिशातून एक कागद काढला. घडी घातलेला, घामानं मऊ झालेला. मास्तरांच्या वहीतलं शेवटचं पान. त्या दिवशी पाठ फिरवून त्यानं फाडलेलं. मास्तरांचं अक्षर, पण वाकडं, खाली घसरत गेलेलं. सतरा फेब्रुवारी, मंगळवार. नऊ चाळीस. घड्याळवाल्याचं नाव. आणि पुढं लिहिलेलं…

‘थांबा म्हणाले. थांबलो आहे.’

त्या रात्री घड्याळवाला हाच कीयर जोडत बसला होता. मास्तरांची हाक आली. आहात का, थोडं काम होतं. याच्या एका हातात चिमटा, चिमट्यात चिप. याला वाटलं, झालं सुरू, बेडका आणि पोट. यानं डाव्या हातानं खटक्यावर थांबा मारलं. आणि सोल्डरिंग तापवायचं म्हणून रेडिओचा प्लग काढला. प्लगची जागा एकच ना! मग काम लांबत गेलं. मग झोप आली. मग कीयरच्या नादात आठवडाभर त्यानं रेडिओ लावलाच नाही.

आणि तिकडं मास्तर… थांबले.

खाई त्याला खवखवे. म्हणून पान फाडलं. म्हणून पोरीला थाप मारली.

मला त्याची किळस आली. इतकी, की उठून जावंसं वाटलं. पण दाराशी जाऊन परत आलो. का ते सांगतो थोड्या वेळानं. मी म्हटलं, “त्यांना बोला म्हण.”

“काय?”

“थांबा म्हणाला होतास ना? मग ते दुसरं काय करतील? बोला म्हण. आत्ता.”

“या… याला हात लावून?”

“मग कशाला लावणार?”

त्यानं अंगठा पुढं केला. मागं घेतला. पुन्हा पुढं केला. अंगठा आणि तर्जनी त्या ओल्या अर्धुकांवर टेकली. चिकट आवाज आला… च्च… असा. त्याचं तोंड वाकडं झालं. डोळे मिटले. आणि मारलं.

टा टि टा.

बोला.

शांत. काहीच नाही. मग लक्षात आलं, घड्याळं… घड्याळांचा आवाज येत नव्हता. एकाचाही.

त्यानं हात काढला. त्याच्या बोटांपासून अर्धुकापर्यंत एक तार आली. लाळेसारखी. आणि तुटली.

मग पट्ट्या हलायला लागल्या. सावकाश. फार सावकाश. एकेक अक्षर. मी कागदावर उतरवत गेलो. प्रत्येक शब्दाचा शेवटचा ठोका लंगडा.

‘पाय उठत नाही.’

थांबला. पुन्हा.

‘दार उघडं आहे.’

घड्याळवाला तोंडावर हात दाबून बसला. तोच हात. वासाचा. त्याला भान नव्हतं.

मला वाटलं, संपलं. मग…

‘तुमचं काम झालं की या. घाई नाही.’

बस. एवढंच.

घाई नाही म्हणे! … पाय लुळा पडलेला, घशाला कोरड, चार हातांवर स्वयंपाकघरात फोन पडलेला. आणि माणूस म्हणतो, तुमचं काम झालं की या. म्हणायचंही मिळालं नाही त्याला. मनात जुळवून ठेवलं होतं, आणि बोला म्हणायची वाट बघत बसला. चाळीस वर्षांची सवय. त्या सवयीचा आधार घेऊन आम्ही त्याला मारलं.

घड्याळवाला पहाटेच निघाला. अर्धुकं उचकटून काढली, एका कागदात बांधली, बरोबर ते फाडलेलं पान आणि मी उतरवलेला निरोप. मुलीच्या गावी जाऊन सगळं सांगणार होता, पहिल्यापासून शेवटपर्यंत. तिनं दारातच ऐकून घेतलं. कागद घेतले. दार लावून घेतलं. हा तासभर जिन्यात बसला आणि परत आला.

आठ दिवसांत त्याच्या बोटांचा वास गेला. बायको परत आली. आता हातानं जेवतो. रेडिओ मात्र विकला नाही, कुणाला दिला नाही, हातोडीनं फोडला. संपली त्याची गोष्ट.

काय म्हणालीस? … हो. मी ‘आम्ही’ म्हणालो. ‘आम्ही त्याला मारलं’. ऐकलंस तू बरोबर.

त्या पट्ट्यात आम्ही तिघंच असायचो, हे सांगितलं ना सुरुवातीला? सतरा फेब्रुवारीला माझाही रेडिओ चालू होता. मास्तरांची हाक मी ऐकली. हात नेहमीपेक्षा जड होता, हे मला कळलं. ठोके फसत होते, तेही कळलं. मग घड्याळवाल्याचं थांबा ऐकलं. मी काय केलं असेल? हसलो. म्हटलं, बरं झालं, आजचं पोटपुराण त्याच्या गळ्यात पडलं. आणि बटण फिरवलं. त्यानं निदान थांबा तरी म्हटलं. मी तेवढंही म्हटलं नाही. मी नव्हतोच, असं दाखवलं.

आणि पहाटे तो मुलीकडं निघाला तेव्हा म्हणाला, “काका, चला. दोघं सांगू.” मी म्हटलं, “तू हो पुढं. माझा गुडघा दुखतोय. दोन दिवस थांब, मी येतो मागून.”

थांब म्हटलं मी. … दोन वर्षं झाली. गेलो नाही.

आता किती वाजले? … एकोणचाळीस? बरं. मघाशी चकती मागत होतीस ना? मी संध्याकाळीच, तुम्ही यायच्या आधी, ती स्पिरिटनं पुसली. रोज पुसतो. त्यानंतर ही खोली सोडून मी कुठं गेलेलो नाही, तुम्ही सगळे इथंच आहात, कापडाला कुणी हात लावलेला नाही. माझी दहाही बोटं पूर्ण आहेत, ही बघा.

उचल ते कापड. एका टोकाला धरून. चकतीला बोट लागू देऊ नकोस.

… काय दिसतं?

अंगठ्याचा ठसा. हं. आणि मधल्या बोटाचा. आणि त्यांच्यामध्ये?

… अर्धंच ना?

ओलं आहे?

नाही, नको, नाक जवळ नेऊ नकोस. झाक ते. ती स्पिरिटची बाटली दे इकडं, आणि कापूस. टा टि टा, बोला म्हणायला तीनच ठोके आहेत. ते मारायला दोन वर्षं मी रोज या वेळी इथं बसतो, आणि रोज नुसता पुसून उठतो.